मिस अर्नेस्टीननी अडवलेलं सातवं प्रकरण

डॉक्टर थॅडियस मॅकाडूंना बेसबॉलमधलं सगळं कळत होतं, फक्त चेंडू झेलता येत नव्हता. हे मत मिस अर्नेस्टीन टॉलिव्हर यांचं, आणि ते त्यांनी कधी झाकून ठेवलं नाही. मॅरो स्प्रिंग्जच्या आमच्या कॉलेजात कुणी नवा शिक्षक रुजू झाला, की इतिहास विभागाच्या दाराशी टाइपरायटरमागे बसलेल्या मिस अर्नेस्टीन त्याला आधी खुर्ची देत, मग पेपरमिंटची गोळी देत आणि मग आतल्या खोलीकडे मान उडवून हे वाक्य देत.

आतून डॉक्टर ओरडत, "मला ऐकू येतंय!"

"ऐकू यावं म्हणूनच बोलतेय," बाई सांगत आणि पुढची ओळ टाइप करायला घेत.

बाई तेव्हा छप्पन्न वर्षांच्या. बांधा थोराड, चष्मा साखळीला अडकवलेला आणि रविवारी डोक्यावर अशी टोपी, की मागच्या बाकावरच्या लोकांना पाद्रीबुवा फक्त ऐकू यावेत. नवरा रूफस टपाल खात्यात होता, तो जाऊन सहा वर्षं झाली होती; पण आमच्याकडे बाईला मानानं मिसच म्हणतात. मुलगी अटलांटात नर्स. बाईंचा जन्म इथलाच, पोलादाच्या गिरणीनं कामगारांना दिलेल्या घरांतला. मुलीच्या लग्नाला म्हणून एकदा अलाबामाबाहेर गेल्या होत्या. परत येऊन म्हणाल्या, "अटलांटा चांगलंय. पण तिथल्या लोकांना पालेभाजी शिजवता येत नाही."

डॉक्टर मूळचे फिलाडेल्फियाचे. अलाबामात अकरा वर्षं काढली, तरी ऑगस्टच्या उकाड्यात बो-टाय सुटला नाही. ते इतिहासकार. बेसबॉल, काळे-गोरे आणि अमेरिकेचा समाज या तिन्हींची गाठ कुठे बसते, हे शोधण्यात त्यांची हयात चालली होती. दोन पुस्तकं झाली होती. दोन्ही मिस अर्नेस्टीननी टाइप केलेली, दोन्ही न आवडता.

"डॉक्टर, या वाक्यात मी तीनदा श्वास घेतला. तोडू का?"

"ते वाक्य मुद्दाम तसं लिहिलंय, मिस अर्नेस्टीन."

"मुद्दाम केलेलं पाप जास्त लागतं."

वाक्य तुटायचं. डॉक्टर कुरकुरायचे आणि पुस्तक छापून आलं की तीच तुटलेली वाक्यं वर्गात मुलांना मोठ्या ठसक्यात वाचून दाखवायचे.

तर एकोणीसशे चौऱ्याऐंशीच्या उन्हाळ्यात तिसरं पुस्तक टाइप करायला आलं. हे सगळ्यात मोठं. आपल्या काळ्या माणसांना गोऱ्यांच्या संघांत पाऊल टाकायची मुभा नव्हती, तेव्हा त्यांनी आपले संघ काढले, आपली स्पर्धा काढली आणि बसमधून गावोगाव हिंडत सामने खेळले. त्या काळाचा हा इतिहास. सहा प्रकरणं सुरळीत गेली. सातव्यात दौऱ्यांची हकिकत होती. त्यात सहाव्या पानावर डॉक्टरांनी एक ओळ लिहिली होती: दक्षिणेत हॉटेलांची दारं बंद असल्यानं खेळाडू बसमध्येच झोपत.

टाइपरायटर थांबला.

सोमवारी सकाळी डॉक्टरांच्या टेबलावर ते पान होतं. समासात पेन्सिलीनं दोनच शब्द होते: "कोण म्हणतं?"

डॉक्टर पान हातात घेऊन बाहेर आले. "दोन वर्तमानपत्रं म्हणतात. एक आत्मचरित्र म्हणतं. मी स्वतः तीन खेळाडूंना भेटलोय."

"आणि ते काय म्हणाले? रोज बसमध्ये झोपलो?"

"बसमध्ये झोपलो असं म्हणाले."

"कधी कधी झोपले असतील. पण मॅरो स्प्रिंग्जला आले की आमच्या ओझेला मावशीकडे झोपायचे. अकरा जण, जमिनीवर, मासे वाळत घालावेत तसे. मी दहा वर्षांची होते. त्यांच्या तंगड्यांवरून उड्या मारत शाळेत गेलेय."

डॉक्टरांनी जवळची खुर्ची ओढली आणि तिच्यात बसले. "अकरा वर्षं तुम्ही माझी पुस्तकं टाइप करताय. हे एकदाही सांगितलं नाहीत?"

"तुम्ही विचारलं नाहीत. तुम्ही विचारता, रिबन संपली का."

त्या दिवसापासून बाईंनी सातवं प्रकरण अडवलं. आठवं टाइप केलं, नववं केलं, सातव्याची जागा कोरी ठेवली. विभागात सगळ्यांना मजा वाटायला लागली. गणिताचे शिक्षक येता-जाता विचारायचे, "काय डॉक्टर, सहानंतर आठ येतात ना हल्ली?" शेवटी एका शनिवारी डॉक्टरांनी टेपरेकॉर्डर गाडीत टाकला आणि बाईंना शेजारी बसवून ओझेला मावशीचं घर गाठलं.

ओझेला मावशी पंच्याऐंशीची. वाळक्या बोरासारखी, पण डोळे लख्ख. पडवीत झुलत्या खुर्चीवर बसली होती, मांडीवर जांभळ्या सालीच्या चवळीच्या शेंगांचं टोपलं. तिनं डॉक्टरांना वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि बो-टायपाशी थांबली.

"कुणाचा रे तू?"

"मी थॅडियस मॅकाडू, मिस ओझेला. फिलाडेल्फियाहून..."

"गाव नाही विचारलं. माणसं कुठली?"

डॉक्टर गडबडले. मग आठवून म्हणाले, "आजोबा साउथ कॅरोलायनाचे होते. ऑरेंजबर्गजवळचे."

"मग तसं सांग की. उगीच फिलाडेल्फियात फिरवून आणलंस." तिनं अर्धं टोपलं त्यांच्या मांडीवर ओतलं. "घे, सोल. रिकाम्या हातांचा माणूस ऐकत नाही, नुसता बोलतो."

डॉक्टरांनी टेपरेकॉर्डर सुरू केला आणि शेंगा सोलायला घेतल्या. एक शेंग त्यांच्याकडून सुटून बाईंच्या टोपीवर गेली. मावशी म्हणाली, "खेळला आहेस का कधी चेंडू?"

"नाही. लहानपणी दम्याचा त्रास होता."

"मग लिहितोस कशाला त्यावर?"

"त्यांनाही मी हेच विचारते," मिस अर्नेस्टीन टोपीवरून शेंग काढत म्हणाल्या.

पण मग मावशी बोलायला लागली, आणि डॉक्टरांचे हात आपोआप चालायला लागले. संघ गावात यायचा तो जूनमध्ये आणि ऑगस्टअखेर. गिरणीच्या मैदानावर सामना व्हायचा, गोरे लोक दोरीपलीकडे बसून बघायचेसुद्धा. सामना संपला की गोरे घरी आणि संघ रस्त्यावर. म्हणून चर्चमधल्या चौघी बायकांनी ठरवलं, की आपण ठेवून घ्यायचे. ओझेलाकडे अकरा, बाकीच्यांकडे दोन-दोन, तीन-तीन. घरं मात्र गिरणीची होती, आणि गिरणीचा नियम असा, की परवानगीशिवाय रात्री पाहुणा ठेवायचा नाही. ठेवला तर घर खाली करायचं.

"एकदा मुकादम आला," मावशी म्हणाली. "गोरा, लालबुंद, कमरेला किल्ल्यांचा जुडगा. दार वाजवलं. माझ्या बाहेरच्या खोलीत अकरा धटिंगण शर्ट काढून पाय शेकत बसलेले. मी म्हटलं, पोरांनो, गुडघ्यावर. आणि दार उघडलं. म्हटलं, या साहेब, प्रार्थना चाललीय."

"मग?"

"मग काय? बघतो तर अकरा जण गुडघे टेकून, डोळे मिटून. म्हणाला, चालू द्या. आणि उभाच राहिला मेला! आता गाणं म्हणणं आलं. मी सुरू केलं. त्यांच्या चेंडू झेलणाऱ्या कॅचरला एक ओळ येत नव्हती, तो नुसता 'हो प्रभू, हो प्रभू' करत राहिला. चार भजनं झाली तरी मुकादम हलेना. चौथ्याला मी बघितलं तर त्याचेच डोळे भरलेले. जाताना टोपी काढून म्हणाला, ओझेला, तुमच्या लोकांत श्रद्धा आहे. मी म्हटलं, होय साहेब, आज तर फारच आहे."

डॉक्टर इतके हसले, की दम्याचा पंप काढावा लागला. मिस अर्नेस्टीननी त्यांच्या पाठीवर दोन थापा मारल्या.

मावशी मात्र हसायची थांबली होती. पुढची शेंग तिनं न सोलताच टोपल्यात टाकली.

"क्रेसी बँक्सला ते जमलं नाही," ती म्हणाली.

क्रेसी ही त्या चौघींतली सगळ्यात लहान, चार पोरांची आई. एकोणीसशे एकोणचाळीसच्या ऑगस्टमध्ये तिच्याकडे संघाचा पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, उतरला होता. त्याला रात्रीतून ताप भरला, सकाळी उठवेना. संघाला पुढच्या गावी सामना होता, बस निघून गेली. क्रेसीनं त्याला ठेवून घेतलं. एक दिवस नाही, पाच दिवस. कपाळावर पट्ट्या, कोंबडीचं पाणी. तापात बरळणाऱ्या माणसाला गुडघ्यावर कसा बसवणार? पाचव्या दिवशी मुकादम आला, आणि त्या दिवशी त्याला कुणातच श्रद्धा दिसली नाही. संध्याकाळी क्रेसीचं सामान रस्त्यावर होतं. तिच्या नवऱ्याला, लोनीला, गिरणीनं कामावरूनही काढलं. आठवडाभर ते चर्चच्या तळघरात राहिले आणि मग क्लीव्हलंडच्या गाडीत बसले.

"पिचर बरा झाला?" डॉक्टरांनी हळूच विचारलं.

"बरा झाला, मोठा झाला. तुझ्या पुस्तकात असेल की."

होता. दोन्ही पुस्तकांत होता. त्यानं किती चेंडू टाकले, किती जणांना बाद केलं, हे डॉक्टरांना तोंडपाठ होतं. एकोणचाळीसच्या ऑगस्टमध्ये तो तीन सामने खेळला नाही, हेही त्यांनी तळटीपेत लिहिलं होतं: कारण अज्ञात.

परतीच्या वाटेवर डॉक्टरांनी आधी बाह्यांवरची चवळीची सालं झटकली. मग म्हणाले, "मिस अर्नेस्टीन, मला याचा लेखी पुरावा लागेल."

"माझ्या मावशीचं तोंड पुरावा नाही?"

"आहे. पण न्यूयॉर्कचा प्रकाशक म्हणेल, म्हाताऱ्या बाईची आठवण. मला त्याचं तोंड बंद करायचंय."

हे कारण बाईंना पटलं. दुसऱ्याचं तोंड बंद करणं हे काम त्यांना मनापासून समजत असे.

डॉक्टर पाच आठवडे दर शुक्रवारी जिल्ह्याच्या दप्तरखान्यात जात राहिले. गिरणी बंद पडून तिचे कागद तिथे खोक्यांत भरून ठेवले होते. संध्याकाळी परत यायचे ते बाह्या धुळीनं माखलेल्या, शिंका देत. "झेलला का काही?" बाई विचारायच्या. ते मान हलवायचे. सहाव्या शुक्रवारी त्यांनी एक कागद बाईंच्या टाइपरायटरवर ठेवला. त्यांनी हातानं उतरवून आणलेली एकच ओळ होती: घर क्रमांक ११४, बँक्स, विनापरवाना पाहुणा, खाली केले.

बाईंनी चष्मा काढून पुसला. "पाहुणा," त्या म्हणाल्या. "निदान शब्द तरी बरा वापरला."

"चौदा वर्षं मी त्या माणसाचे चेंडू मोजतोय," डॉक्टर म्हणाले. "त्याला पाणी कुणी पाजलं, ते विचारलंच नाही."

"आता विचारलंत ना. जा, लिहा. आणि वाक्यं आखूड ठेवा."

सातवं प्रकरण बावीस पानांचं होतं, ते एकसष्ट पानांचं झालं. मधल्या काळात गावातल्या आणखी म्हाताऱ्यांच्या पडव्यांत डॉक्टरांनी शेंगा सोलल्या, मका सोलला, एकीकडे तर कोंबडीसुद्धा सोलली. मिस अर्नेस्टीननी ते प्रकरण टाइप केलं तेव्हा समासात पेन्सिलीची एकच खूण होती, आणि तीही स्पेलिंगची. डॉक्टरांनी ते पान घरी नेऊन बायकोला दाखवलं म्हणतात.

प्रकाशकाचं पत्र आलं ते मात्र डॉक्टरांना हवं तसं नव्हतं. पुस्तक उत्तम आहे, पण सातवं प्रकरण फार लांबलं आहे. स्वयंपाकघराचा तपशील कमी करून मैदानावर परत यावं. डॉक्टरांनी तोंडी उत्तर सांगितलं, फार सभ्य, फार लांब. बाईंनी टाइप करून सहीला ठेवलं. डॉक्टर वाचायला लागले.

"मिस अर्नेस्टीन, हे मी सांगितलं नव्हतं."

"नाही."

"'उपाशी माणूस चेंडू टाकू शकत नाही, हे न्यूयॉर्कमध्ये ठाऊक नसेल तर आमच्याकडे येऊन जेवावं,' हे मी नक्कीच सांगितलं नव्हतं."

"तुम्ही सांगितलंत त्याचा अर्थ तोच होता. फक्त दीड पानात होता."

डॉक्टरांनी पेन उघडलं, बंद केलं, पुन्हा उघडलं आणि सही केली. तीन आठवड्यांनी उत्तर आलं: प्रकरण जसंच्या तसं राहू द्यावं. जेवणाबद्दल काही लिहिलं नव्हतं.

तपासायला मुद्रितं आली तेव्हा ओझेला मावशीनं वेगळीच अडचण काढली. क्रेसी आणि लोनी दोघंही केव्हाच वारले होते, पण त्यांची थोरली मुलगी नोव्हेला क्लीव्हलंडला होती. दर नाताळला तिचं मावशीला कार्ड येई. "तिला हे ठाऊक आहे की नाही, मला माहीत नाही," मावशी म्हणाली. "पुस्तकात वाचून कळायला नको. आणि टपालानंही नको. कुणीतरी समोर बसून सांगायला पाहिजे."

"मी जातो," डॉक्टर म्हणाले.

"तू नको. तू तळटीपा सांगशील."

म्हणून एप्रिलच्या सुट्टीत मिस अर्नेस्टीन बसमध्ये बसल्या. पिशवीत मुद्रितं, पीचचा मुरंबा आणि वाटेत बाहेरचं काही खावं लागू नये म्हणून तळलेली कोंबडी. नोव्हेला त्यांना घ्यायला आली होती. पन्नाशी ओलांडलेली, उंच, शाळेत शिकवणारी बाई. ती चार-पाच वर्षांची असताना बाईंनी तिला चिंध्यांच्या चेंडूनं खेळवलं होतं, पण दोघींनाही एकमेकींचे चेहरे आठवेनात.

जेवण झाल्यावर बाईंनी चष्मा लावला आणि सातव्या प्रकरणातली क्रेसीची चार पानं वाचून दाखवली.  वाचून झाल्यावर नोव्हेला उठली, कप विसळले, पुसले आणि पुन्हा येऊन बसली.

"आम्ही मॅरो स्प्रिंग्ज का सोडलं, असं मी आईला कितीदा विचारलं," ती म्हणाली. "ती म्हणायची, घर दमट होतं."

"दमट नव्हतं. चांगलं कोरडं घर होतं."

"आमच्या आत्या म्हणायच्या, लोनी प्यायचा म्हणून गिरणीनं हाकलला. मी तेच खरं धरलं, मिस अर्नेस्टीन. इकडे आल्यावर तो प्यायचाच की, मी डोळ्यांनी पाहिलं. शेवटची आठ वर्षं मी त्याच्याशी धड बोलले नाही." ती थांबली. "त्यानं एकदा तरी खरं सांगायचं ना. एकदा तरी."

 मिस अर्नेस्टीननी खुर्ची सरकवली आणि नोव्हेलाचा हात आपल्या हातात घेतला. शेजारच्या घरात कुणीतरी टीव्हीवर मोठ्यानं सामना लावला होता.

मग नोव्हेलानं मुद्रितं स्वतःकडे ओढली आणि ती चार पानं स्वतः वाचली, शिक्षिका वाचते तशी, ओळीखाली बोट धरून. एका जागी बोट थांबलं.

"इथे 'बँक्सला कामावरून काढले' असं लिहिलंय."

"काढलंच की गं."

"ते ठीक आहे. पण नुसतं बँक्स? गिरणीनं त्याला आयुष्यभर बँक्स म्हटलं, नाहीतर 'ए पोरा' म्हटलं. तुमच्या डॉक्टरांना विचारा, मिस्टर लावता येईल का."

"विचारायचं कशाला?" बाईंनी पर्समधून पेन काढलं आणि समासात स्वच्छ अक्षरांत लिहिलं: मिस्टर लोनी बँक्स.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. चर्च सुटल्यावर दोघी दफनभूमीत गेल्या. नोव्हेला तिथे बऱ्याच वर्षांत आली नव्हती. लोनीचं थडगं सापडायला अर्धा तास गेला आणि त्यात मिस अर्नेस्टीनच्या टोपीनं दोन झाडांशी भांडण काढलं. नोव्हेला बापापाशी काय बोलली, ते बाईंनी कुणाला सांगितलं नाही. त्या दूर उभ्या राहिल्या होत्या, आणि ज्या बाईला अख्ख्या कॉलेजातलं सगळं ऐकू यायचं, तिला त्या दिवशी म्हणे काही ऐकू आलं नाही.

पुस्तक त्याच वर्षी, शहाऐंशीच्या सप्टेंबरात निघालं. सहाशे चौदा पानं, शेकड्यांनी नावं. खेळाडू, मालक, खासदार, न्यायाधीश, सगळ्यांचा उल्लेख नुसत्या आडनावानं, कारण प्रकाशकाचा तसा नियम होता. फक्त दोनशे एकतिसाव्या पानावर एका माणसाला मिस्टर लावलेलं आहे. एका मोठ्या मासिकातल्या परीक्षणात ही विसंगती दाखवून दिली होती. डॉक्टर ते परीक्षण घेऊन बाहेर आले आणि त्यांनी ते बाईंसमोर ठेवलं.

"काय उत्तर द्यायचं याला?"

मिस अर्नेस्टीननी ते वाचलं, घडी घातली आणि टाइपरायटरच्या टेबलाच्या लंगड्या पायाखाली सारलं. टेबल हलायचं थांबलं.

"दिलं," त्या म्हणाल्या.